जुळं, जास्तीचं पाणी आणि फॉर्मवरचा कोड : हिंगोलीत कुठं जायचं, किती लागतं

सोनोग्राफीच्या कागदावर 'ट्विन' लिहिलंय आणि खाली 'पॉलिहायड्रॅमनिओस'. डॉक्टर म्हणाले, जुळं आहे, पाणी जास्त झालंय, आता दर पंधरा दिवसांनी दाखवायला या. इथून पुढं पैसे किती लागणार, त्यातले कोण भरणार आणि कोणता कागद कोणत्या खिडकीवर दाखवायचा, एवढंच इथं सांगतो. औषधपाण्याचं डॉक्टर बघतील.

एक गोष्ट मात्र आधी. पोट एक-दोन दिवसांत अचानक ताणलं, धाप लागली, पाणी जायला लागलं, कळा आल्या किंवा बाळांची हालचाल कमी वाटली, तर फाईल शोधत बसू नका. १०८ लावा. कागद मागून आणता येतात.

रिपोर्टवर काय काय हवं

पुढचा सगळा हिशेब सोनोग्राफीच्या रिपोर्टवर उभा राहतो. तिथं नुसतं 'पाणी जास्त' लिहिलेलं असेल तर तो अर्धा कागद आहे. केंद्रातून बाहेर पडण्याआधी तीन गोष्टी वाचून घ्या.

पहिली, वार एक की दोन. रिपोर्टवर 'मोनोकोरिऑनिक' असेल तर दोन्ही बाळांना मिळून एक वार, 'डायकोरिऑनिक' असेल तर दोन वारा. हे ११ ते १४ आठवड्यांच्या सोनोग्राफीत सर्वांत स्पष्ट दिसतं, पुढं पुढं सांगणं अवघड होत जातं. म्हणून तिसऱ्या महिन्यातला तो पहिला रिपोर्ट जपून ठेवा. तो कागद हरवला की पुढचा प्रत्येक डॉक्टर अंदाजावर चालतो आणि फॉर्मवर 'अनिर्दिष्ट' असा कोड पडतो.

दुसरी, कोणत्या बाळाचं पाणी आणि किती सेंटीमीटर. जुळ्यात प्रत्येक पिशवीचं पाणी वेगळं मोजतात. पिशवीतला सर्वांत खोल कप्पा ८ सेंमीच्या वर गेला की जास्त, २ सेंमीच्या खाली आला की कमी. पोटाच्या चार भागांची बेरीज करून काढतात तो एएफआय एका बाळासाठी ठीक आहे. तुमच्या रिपोर्टवर जुळं असताना फक्त 'एएफआय २८' असेल, तर 'दोन्ही पिशव्यांचं वेगवेगळं माप लिहून द्या' असं तिथंच सांगा. दुसऱ्या दिवशी गेलात तर नवी सोनोग्राफी करायला लावतील आणि तिचे पैसेही नवे.

तिसरी, आठवडे आणि दिवस. 'सहावा महिना' चालत नाही. '२४ आठवडे ३ दिवस' हवं.

वार एकच आहे, एका बाळाचं पाणी ८च्या वर आणि दुसऱ्याचं २च्या खाली, असं दिसलं तर ते साधं जास्तीचं पाणी नव्हे. एका बाळाचं रक्त वारेतल्या नसांमधून दुसऱ्याकडं जातंय, असा त्याचा अर्थ असू शकतो. यात दिवस घालवायचा नसतो. रुग्णालय बदलतं, खर्च बदलतो, कोडही बदलतो. त्याच दिवशी स्त्रीरोगतज्ज्ञांना दाखवा आणि पुढं कुठं पाठवणार ते विचारा.

सोनोग्राफीला जाताना ओळखपत्र, आधीचे रिपोर्ट आणि डॉक्टरांची चिठ्ठी न्या. तिथं 'एफ फॉर्म' भरून घेतात. गर्भलिंग निदानबंदी कायद्याचा तो भाग आहे, सही नीट वाचून करा. गर्भांची संख्या व वार तपासणं आणि गर्भजलाचं मोजमाप ही दोन्ही कारणं त्या फॉर्मवर छापलेलीच असतात, त्यामुळं वारंवार सोनोग्राफी केली म्हणून तुम्हाला कुणी घाबरवायचं कारण नाही. फॉर्मचे वेगळे पैसे द्यायचे नाहीत.

एका वेळचा दर विचारू नका

एक वार असलेल्या जुळ्याची सोनोग्राफी १६व्या आठवड्यापासून दर दोन आठवड्यांनी करतात. ३४व्या आठवड्यापर्यंत मोजलं तर दहा वेळा. दोन वारा असतील तर साधारण चार आठवड्यांनी, म्हणजे निम्म्या. पाणी वाढलं की डॉक्टर मधेही बोलावतात. एका वेळचे हजार रुपये धरले तरी दहा वेळचे दहा हजार झाले, आणि काउंटरवरचा माणूस 'बाळं दोन, म्हणून चार्ज दोन' म्हणाला तर वीस.

म्हणून पहिल्याच दिवशी तीन प्रश्न विचारा. जुळ्याचा दर एकच की दुप्पट? रक्तप्रवाह बघणारा डॉप्लर त्यातच की वेगळा? पुढच्या वेळी फक्त पाणी मोजायचं असेल तर पूर्ण दर की कमी? उत्तर चिठ्ठीवर लिहून घ्या. पावती दर वेळी मागा, तीवर बाईचं नाव आणि तारीख हवी. विमा असेल तर या पावत्यांचे पैसे काही पॉलिसींत दाखल होण्याच्या आधीचा खर्च म्हणून मिळू शकतात. कच्च्या चिठ्ठीवर काहीच मिळत नाही.

सरकारी दवाखान्यात: शून्य

जननी शिशु सुरक्षा कार्यक्रम १ जून २०११ला सुरू झाला. सरकारी संस्थेत बाळंतपण, सिझेरियन, औषधं, रक्त-लघवी आणि सोनोग्राफी, लागलं तर रक्त, दाखल असतानाचं जेवण हे सगळं मोफत. जेवण साध्या बाळंतपणाला तीन दिवस, सिझेरियनला सात. बाळाचे उपचार एक वर्षापर्यंत मोफत. यासाठी दारिद्र्यरेषेचं कार्ड लागत नाही, जात विचारत नाहीत, कितवं बाळंतपण हेही नाही. केसपेपरचे पैसेसुद्धा नाहीत.

कुठं जायचं? गावातल्या आशाताईंकडं किंवा उपकेंद्रात नोंद झालेली असेल, तर माता-बाल संरक्षण कार्ड आणि त्यावरचा आरसीएच नंबर तुमच्याकडं आहेच. नसेल तर आजच करा. ऊसतोडीला किंवा कामाला बाहेर जाणार असाल तर तेच कार्ड बरोबर न्या. जुळं आणि जास्त पाणी ही दोन्ही कारणं जोखमीची, त्यामुळं प्राथमिक आरोग्य केंद्रात बाळंतपणाचा बेत करू नका. सेनगाव, औंढा नागनाथ, आखाडा बाळापूरची ग्रामीण रुग्णालयं तपासणीला आणि पुढं पाठवण्याच्या चिठ्ठीला उपयोगी. बाळंतपणासाठी हिंगोलीचं जिल्हा सामान्य रुग्णालय धरा, ज्याला आपण सिव्हिल म्हणतो. २०२४पासून शासकीय वैद्यकीय महाविद्यालयही हिंगोलीत आहे. वसमतकडच्यांना हिंगोलीपेक्षा नांदेड जवळ पडतं. त्यांनी विष्णुपुरीचं डॉ. शंकरराव चव्हाण शासकीय वैद्यकीय महाविद्यालय आधीच बघून ठेवावं, कारण सिव्हिलमधूनही अवघड केस शेवटी तिकडंच जाते.

दर महिन्याच्या ९ तारखेला सरकारी केंद्रांवर प्रधानमंत्री सुरक्षित मातृत्व अभियानाची तपासणी असते. दुसऱ्या आणि तिसऱ्या तिमाहीतल्या बायकांना तज्ज्ञ डॉक्टर मोफत बघतात. तिथं कार्डावर रंगीत स्टिकर लावतात. लाल म्हणजे अतिजोखीम. जुळं आणि पाणी असताना कार्डावर हिरवा स्टिकर असेल किंवा स्टिकरच नसेल, तर सिस्टरला सांगून बदलून घ्या. रात्री दोन वाजता दवाखान्यात पोचल्यावर ड्युटीवरचा माणूस आधी तो रंग बघतो.

मग सरकारीत पैसे जातात कुठं? गाडीत. 'ॲम्ब्युलन्स आली नाही म्हणून खासगी केली' हा हिंगोली-नांदेड रस्त्यावरचा नेहमीचा खर्च आहे, आणि तो परत मिळत नाही. घरून दवाखान्यात, एका दवाखान्यातून दुसऱ्यात आणि बाळंतपणानंतर घरी, तिन्ही प्रवास योजनेत मोफत आहेत. साध्या ने-आणीसाठी १०२, तातडीला १०८. 'नांदेडला घेऊन जा' असं तोंडी सांगितलं की लगेच जीप शोधू नका. आधी रेफरची चिठ्ठी घ्या, तीवर कारण आणि वेळ लिहून घ्या, आणि गाडी देता का ते तिथल्या डॉक्टरांनाच विचारा. चिठ्ठी असली की गाडी मागणं हा तुमचा हक्क ठरतो, शिवाय नांदेडला पुन्हा पहिल्यापासूनच्या तपासण्या टळू शकतात.

दुसरी गळती बाहेरच्या औषधांची. चिठ्ठी हातात देऊन 'बाहेरून आणा' म्हणाले तर 'दवाखान्यात नाही असं लिहून द्या' एवढंच शांतपणे म्हणा. बऱ्याचदा औषध आतूनच निघतं.

हातात येणारे पैसे

दारिद्र्यरेषेखालील आणि अनुसूचित जाती-जमातीच्या मातांना जननी सुरक्षा योजनेत दवाखान्यातल्या बाळंतपणाचे ग्रामीण भागात ७०० रुपये आणि शहरी भागात ६०० रुपये मिळतात. सिझेरियन झालं तर १,५००. जुळं झालं म्हणून रक्कम दुप्पट होत नाही. बँक खातं बाईच्या स्वतःच्या नावावर आणि आधारशी जोडलेलं हवं. नवऱ्याच्या खात्यामुळं अडकलेली प्रकरणं कितीतरी.

प्रधानमंत्री मातृवंदना योजनेत पहिल्या अपत्याला ५,००० रुपये दोन हप्त्यांत मिळतात. दुसऱ्या खेपेला मुलगी झाली तर ६,००० एकरकमी. दुसऱ्या खेपेला जुळं झालं आणि त्यात एक जरी मुलगी असली तरी हे सहा हजार लागू होतात. मुलगा-मुलगी जुळं झालं की 'मुलगा आहे म्हणून बसत नाही' असं सांगून परत पाठवतात, ते ऐकून घेऊ नका. अर्ज आशाताई किंवा अंगणवाडीताईंकडून भरायचा, दुसऱ्या खेपेचा जन्मानंतर २७० दिवसांच्या आत.

जनआरोग्य योजना: आधी परवानगी, मग पैसे नाहीत

महात्मा जोतिराव फुले जनआरोग्य योजना आणि आयुष्मान भारत आता एकत्र चालतात. १ जुलै २०२४पासून राज्यातल्या सगळ्या रेशनकार्डधारक कुटुंबांना, पांढरं कार्ड असलं तरी, वर्षाला कुटुंबामागं पाच लाखांपर्यंत संरक्षण आहे. कागद दोनच: रेशनकार्ड आणि आधार. आयुष्मान कार्ड काढलेलं असेल तर तेही.

इथं एक गोष्ट नीट समजून घ्या. ही योजना आजाराच्या कोडवर पैसे देत नाही, पॅकेजवर देते. तुमच्या कागदावर जास्तीच्या पाण्याचा कोड कितीही अचूक असला तरी रुग्णालयाला त्या बाईला योजनेच्या यादीतल्या एखाद्या पॅकेजमध्ये बसवावं लागतं. जोखमीचं बाळंतपण हा यादीतला प्रकार आहे, साधं बाळंतपण खासगीत त्यात बसेलच असं धरू नका. काही पॅकेज फक्त सरकारी रुग्णालयांसाठी राखीव असतात. म्हणून खासगी रुग्णालयात पाऊल टाकताच योजनेच्या आरोग्यमित्राला गाठा. प्रत्येक अंगीकृत रुग्णालयात त्याचं टेबल असतं. विचारायचं ते असं: 'हे रुग्णालय स्त्रीरोगासाठी योजनेत आहे का? नवजात बाळासाठी आहे का? पॅकेजचं नाव काय? ते सरकारीला राखीव आहे का?' दुसरा प्रश्न विसरू नका. आई योजनेत आणि बाळं रोख पैशांत, असा प्रकार जुळ्यात फार महागात पडतो.

योजनेत पूर्वपरवानगी आधी घेतात. तातडीच्या वेळी फोनवरून मिळते, कागद मागून पण दाखल असतानाच द्यायचे. स्वतः पैसे भरून नंतर योजनेतून परत मागता येत नाहीत. 'आत्ता ॲडव्हान्स भरा, योजना मंजूर झाली की परत देऊ' असं कुणी म्हणालं तर पावती मागा आणि पावती देत नसतील तर १५५३८८ लावा. दुसरा क्रमांक १८०० २३३ २२००. दोन्हीला पैसे पडत नाहीत.

विमा आणि कोड

नोकरीतला ग्रुप विमा किंवा स्वतःची पॉलिसी असेल तर हा भाग सावकाश वाचा.

कॅशलेसच्या अर्जात डॉक्टरांनी भरायच्या भागात निदानाखाली 'आयसीडी १०' (आजाराचा कोड) असा रकाना असतो, शस्त्रक्रियेखाली 'आयसीडी १० पीसीएस' (प्रक्रियेचा कोड). नंतर भरायच्या क्लेम फॉर्मचेही दोन भाग. 'अ' तुम्ही भरायचा, 'ब' रुग्णालयानं. कोड 'ब' भागात असतात. ते तुम्ही ठरवायचे नाहीत, पण वाचायचे जरूर. कोड टाकणारा माणूस बहुधा रेकॉर्ड विभागातला किंवा विम्याच्या टेबलावरचा असतो. त्यानं बाईला पाहिलेलं नसतं. तो डॉक्टरांच्या कागदावरचे शब्द वाचून कोड टाकतो. म्हणून तर वरती रिपोर्टचा एवढा आग्रह धरला.

जागतिक आरोग्य संघटनेच्या यादीत जास्तीच्या पाण्याचा कोड छोटा आहे: ओ४०. जुळ्याचा ओ३०.०. एका बाळाकडून दुसऱ्याकडं रक्त जाण्याच्या प्रकाराचा ओ४३.०. आपल्याकडच्या बहुतेक फॉर्मवर एवढ्यावर भागतं. पहिलं अक्षर इंग्रजी 'ओ' आहे, शून्य नव्हे. टाइप करताना तिथं शून्य पडलं की कॉम्प्युटरला तो कोड सापडत नाही आणि तुमची फाईल 'माहिती अपुरी' म्हणून परत येते.

काही ठिकाणी अमेरिकेतली लांब यादी वापरतात. तिथं कोड असा दिसतो: ओ४०.२एक्सएक्स१. तोडून वाचा. ओ४० म्हणजे जास्तीचं पाणी. पुढचा २ म्हणजे दुसरी तिमाही, १४ आठवडे पूर्ण ते २८ पूर्ण होईपर्यंत. त्याआधी १, नंतर ३. दोन एक्स नुसती जागा भरायला. शेवटचा आकडा बाळाचा: १ म्हणजे पहिलं, २ म्हणजे दुसरं. दोन्ही बाळांचं पाणी जास्त असेल तर कोड दोनदा लिहायचा. शेवटी शून्य आलं तर त्याचा अर्थ एकच बाळ किंवा कोणतं ते माहीत नाही. रिपोर्टवर 'पहिल्या बाळाचं पाणी ९ सेंमी' लिहिलेलं असताना कोडच्या शेवटी शून्य असेल, तर कोड टाकणाऱ्यानं रिपोर्ट वाचलेला नाही.

शिवाय नियम असा की शेवटचा आकडा १ किंवा पुढचा असला तर सोबत जुळ्याचा कोड हवाच. एक वार आणि दोन पिशव्या, दुसरी तिमाही: ओ३०.०३२. दोन वारा: ओ३०.०४२. आठवड्यांसाठी झेड३ए, म्हणजे २४ आठवड्यांना झेड३ए.२४. यातला एक नसला की कॉम्प्युटर अडवतो किंवा पलीकडचा माणूस प्रश्न काढतो, आणि प्रश्न निघाला की तुमचा डिस्चार्ज लांबतो.

जास्तीचं पाणी सुईनं काढलं तर पीसीएसच्या रकान्यात १०९०३झेडसी यायला हवं. शेवटचं 'सी' उपचारासाठी. तिथं 'यू' असेल तर तो तपासणीसाठी पाणी घेतल्याचा कोड आहे. अक्षर एकच बदलतं, पण 'फक्त तपासणीसाठी दाखल' झालेल्या रुग्णाचा खर्च पॉलिसी देत नाही. एक्सक्ल ०४ नावाचं ते कलम जवळपास प्रत्येक पॉलिसीत असतं. पाणी काढून त्याच दिवशी घरी सोडलं तर आणखी एक अडचण: अनेक पॉलिसींना २४ तास दाखल असणं लागतं. डे-केअरच्या यादीत ही प्रक्रिया आहे का, ते आधी ईमेलवर विचारून ठेवा.

आता कडू भाग. पॉलिसीत एक्सक्ल १८ हे कलम शोधा. मातृत्वाचा खर्च वगळणारं ते कलम. त्यात गुंतागुंतीचं बाळंतपण आणि सिझेरियनही येतं, सुटका फक्त गर्भाशयाबाहेरच्या गर्भाला. तुमच्या पॉलिसीत मातृत्वाचा वेगळा लाभ घेतलेला नसेल, तर 'ओ' अक्षरानं सुरू होणारा कोड दिसताच अर्ज त्या कलमाखाली जातो. कोड कितीही बरोबर असला तरी. 'पाणी जास्त होणं हा आजार आहे, बाळंतपण नव्हे' हा युक्तिवाद करून बघायला हरकत नाही, पण त्याच्या भरवशावर मोठ्या रुग्णालयात दाखल होऊ नका. आज नवी पॉलिसी काढून या बाळंतपणाला उपयोग नाही. मातृत्वाच्या लाभाला महिन्यांची, कधी वर्षांची प्रतीक्षा असते.

म्हणूनच शॉर्टकट सुचवले जातात. 'पोटदुखी लिहू', 'लघवीचा संसर्ग दाखवू, लगेच पास होईल.' नका करू. सोनोग्राफीत जुळं, डिस्चार्ज कार्डावर जुळं आणि फॉर्मवर पोटदुखी, हे पकडायला डॉक्टरही लागत नाही. पॉलिसी पाच वर्षं सलग चालली की कंपनी जुन्या गोष्टी उकरत नाही, पण फसवणूक त्याला अपवाद आहे. क्लेम जातो, पॉलिसी रद्द होते आणि पुढच्या कंपनीच्या अर्जात ते लिहावं लागतं. शिवाय बाईच्या कायमच्या कागदावर खोटं निदान राहतं, पुढच्या बाळंतपणात डॉक्टर तेच वाचणार.

मातृत्वाचा लाभ असेल तर मर्यादा बघा. बहुतेक ग्रुप पॉलिसींत साध्या बाळंतपणाला एक रक्कम, सिझेरियनला दुसरी. जुळ्याला वेगळी नसते. बाळंतपणाआधीच्या तपासण्या त्याच रकमेत की वेगळ्या, आणि गुंतागुंत झाली तर मूळ विमा रक्कम उघडते का, हे दोन प्रश्न एचआरला लेखी विचारा. खोलीचं भाडं मर्यादेत ठेवा. मर्यादेच्या वरची खोली घेतली की कंपनी फक्त भाड्याचा फरक कापत नाही, अनेक पॉलिसींत डॉक्टर आणि शस्त्रक्रियेचे पैसेही त्याच प्रमाणात कापते.

विमा नियामकाच्या २०२४च्या परिपत्रकाप्रमाणे कॅशलेसचा निर्णय एका तासात आणि डिस्चार्जची अंतिम मंजुरी तीन तासांत द्यायची असते. त्याहून उशीर झाल्यामुळं वाढलेलं खोलीचं भाडं कंपनीनं भरायचं, तुम्ही नाही. नोंद ठेवा: अर्ज किती वाजता गेला, उत्तर किती वाजता आलं.

कोड टाकण्याचे, फॉर्म भरण्याचे वेगळे पैसे बिलात दिसले तर कारण विचारा. इनडोअर पेपरची प्रत लेखी मागितल्यावर ७२ तासांत द्यावी, असा डॉक्टरांसाठीच्या २००२च्या आचारसंहितेचा नियम आहे. झेरॉक्सचे पैसे द्या, 'फाईल चार्ज' नको.

लेक-जावई अमेरिकेत असतील तर तिथं लांब कोड सक्तीचा आहे, १ ऑक्टोबर २०१५पासून. तिथल्या बिलात पाणी काढण्याच्या प्रक्रियेचा आकडा ५९००१ असतो आणि त्यात सोनोग्राफीचं मार्गदर्शन धरलेलं असतं. त्याच दिवशी तेच मार्गदर्शन ७६९४६ या आकड्याखाली पुन्हा लावलं असेल तर फोन करून काढून घ्यायला सांगा. बाळामागं वेगळी सोनोग्राफी लावणं तिथं मात्र नियमात बसतं.

खासगीच्या बिलातल्या फटी

राज्याच्या २०२१च्या शुश्रूषागृह नियमांप्रमाणे दरपत्रक आणि रुग्णहक्कांची सनद दर्शनी भागात लावणं बंधनकारक आहे. दरपत्रकाचा फोटो काढा, दाखल होण्याआधी. मग लेखी अंदाजपत्रक मागा, आणि त्यात दोन ओळी स्वतंत्र लिहून घ्या: सिझेरियन झालं तर किती, आणि बाळाच्या काचपेटीचा एका दिवसाचा, एका बाळाचा दर किती. जुळ्यात पाणी जास्त झालं की बाळंतपण लवकर होण्याची शक्यता वाढते आणि बिलाचा मोठा भाग आईचा नसतो, बाळांचा असतो. त्या दराला दोननं गुणा, मग दिवसांनी. आकडा झेपत नसेल तर बाळंतपणाआधीच सरकारी रुग्णालयात जा. सिव्हिलमध्ये नवजात बाळांचा एसएनसीयू कक्ष मोफत आहे. जन्मानंतर कमी दिवसांचं बाळ हलवणं हे बाळासाठी जोखमीचं आणि खिशालाही जड.

बालरोगतज्ज्ञाची बाळंतपणाच्या वेळची हजेरी, दोन बाळांच्या दोन हजेऱ्या, भूलतज्ज्ञ, रक्तपिशवी आणून ठेवणं, ऑपरेशन थिएटरचं साहित्य: यातलं काय पॅकेजमध्ये आणि काय बाहेर, ते विचारा. आतल्या मेडिकलमधूनच औषध घेण्याची सक्ती करता येत नाही.

एक वार असलेल्या जुळ्यात एका बाळाचं रक्त दुसऱ्याकडं जाणं थांबवायला लेझरची गरज पडली तर ते पुण्या-मुंबईच्या गर्भवैद्यक केंद्रांत होतं, साधारण १६ ते २६ आठवड्यांच्या दरम्यान. खर्च लाखाच्या पुढं जाऊ शकतो. निघण्याआधी फोन करून लेखी अंदाज मागवा, रिपोर्टचे फोटो पाठवा, आणि तिथं राहण्याचे दिवस धरून पैसे बांधा.

बाळांचे कागद वेगळे

बाळ जन्मलं की त्याची स्वतःची फाईल. आईचे 'ओ'चे कोड बाळाच्या कागदावर येत नाहीत. बाळाचे कोड 'पी'चे: आईच्या जास्तीच्या पाण्याचा परिणाम असेल तर पी०१.३, जुळेपणाचा पी०१.५, कमी दिवस किंवा कमी वजनाला पी०७. दोन्ही बाळांच्या बिलावर नाव 'बेबी ऑफ' अमुक एक आणि दोन असं स्पष्ट हवं. दोन्हीवर नुसतं 'बेबी ऑफ' आलं की एक क्लेम पास होतो आणि दुसरा 'हे तर आधीच दिलं' म्हणून परत येतो. ग्रुप विम्यात बाळांची नावं जोडण्याची मुदत असते. जन्माच्या दुसऱ्या दिवशीच एचआरला ईमेल करा.

काचपेटीचा खर्च योजनेतही बसत नाही आणि विम्यातही, असं झालं तर मुख्यमंत्री सहाय्यता निधीत नवजात बाळांच्या आजारांसाठी अर्ज करता येतो. रुग्णालय निधीच्या यादीत हवं, उपचार सुरू असतानाच अर्ज करायचा, बिल भरून झाल्यावर नाही. बाळाचं आधार नसतं, आईचं जोडायचं. तहसीलदारांचा उत्पन्नाचा दाखला लागतो. तो सेतूतून काढायला दिवस जातात, म्हणून सातव्या महिन्यातच काढून ठेवा.

अडलं तर

सरकारी रुग्णालयात पैसे मागितले, खासगीनं दरपत्रकाबाहेर बिल लावलं: लेखी तक्रार जिल्हा शल्यचिकित्सक कार्यालयात, पोच घेऊन. जनआरोग्य योजनेची तक्रार १५५३८८वर. विम्याची आधी कंपनीच्या तक्रार विभागात, ईमेलवर. नाकारल्याच्या पत्रात कलमाचा क्रमांक लिहिलेला नसेल तर तो मागा. ३० दिवसांत उत्तर नाही किंवा पटलं नाही, तर विमा नियामकाच्या 'बिमा भरोसा' तक्रार यंत्रणेच्या १५५२५५वर नोंदवा आणि पुण्याच्या विमा लोकपालांकडं अर्ज करा. हिंगोली त्यांच्या हद्दीत येते. फी नाही, वकील लागत नाही, कंपनीनं नाकारल्यापासून एक वर्षाची मुदत. अर्जासोबत पहिल्या तिमाहीचा सोनोग्राफी रिपोर्ट, डिस्चार्ज कार्ड, 'ब' भागाची प्रत आणि नाकारल्याचं पत्र हे चार कागद नक्की जोडा.

जन्मनोंदणी २१ दिवसांत मोफत होते. जुळ्याचे दाखले दोन. दोन्ही बाळांची नोंद वेगवेगळी झाली आहे ना, ते रुग्णालयातून निघण्याआधी बघून घ्या.